खाणीने बांध कोरला, हे कोर्टाला कसं कळतं? जीपीएस, ड्रोन आणि आठ मीटरचा हिशोब

गावाकडे जमीन असलेल्या कुठल्याही घरात एक वाद हमखास असतो. शेजाऱ्याने बांध कोरला. दरवर्षी नांगरताना एक-एक फूट आत सरकला आणि वीस वर्षांत दोन गुंठे गिळून बसला. मग मोजणीचा अर्ज, भूकरमापक आणि त्यानंतर तारखा.

खाणींच्या बाबतीत होतं ते नेमकं हेच, फक्त आकडे मोठे. सरकार एका कंपनीला डोंगराचा एक तुकडा ठराविक वर्षांसाठी देतं. त्याला म्हणतात खाणपट्टा, म्हणजेच मायनिंग लीज. कंपनी खोदत खोदत त्या तुकड्याच्या बाहेर गेली, असा आरोप होतो. कंपनी म्हणते, आम्ही आतच आहोत, तुमचा नकाशा चुकीचा आहे. आणि मग न्यायाधीशांसमोर जे येतं ते असतं अक्षांश-रेखांश, सॅटेलाइट फोटो आणि ड्रोनचे नकाशे.

गोव्यात २०२४ मध्ये डिचोलीच्या पट्ट्यात लिलाव झालेल्या खाणीतून पुन्हा काम सुरू झालं आणि हद्दीचा प्रश्न परत वर आला. म्हणून आज बघूया, ही हद्द नेमकी ठरते कशी, तुमच्या फोनमधल्या मॅपशी तिचा काय संबंध आहे, आणि कोर्टाने आतापर्यंत काय म्हटलंय.

हद्द म्हणजे शेवटी एक पॉलिगॉन

तुम्ही जेवण ऑर्डर करता तेव्हा अ‍ॅप सांगतं, "या पत्त्यावर डिलिव्हरी उपलब्ध नाही." अ‍ॅपला हे कसं कळतं? त्याच्याकडे डिलिव्हरीच्या भागाचा एक बंदिस्त आकार असतो. कोपऱ्यांचे अक्षांश-रेखांश एकामागून एक लिहिलेले असतात आणि शेवटचा कोपरा पहिल्याला जोडलेला असतो. यालाच पॉलिगॉन म्हणतात.

आता तुम्ही आत आहात की बाहेर, हे शोधायची एक जुनी आणि मस्त युक्ती आहे. तुमच्या बिंदूपासून कुठल्याही एका दिशेला सरळ रेघ ओढा. ती रेघ पॉलिगॉनच्या कडेला किती वेळा छेदते ते मोजा. विषम वेळा छेदली तर तुम्ही आत, सम वेळा छेदली तर बाहेर. बस्स, इतकंच. कोडमध्ये हे दहा-पंधरा ओळींचं काम आहे.

खाणपट्ट्याची हद्दही अशीच असते. कोपऱ्यांवर सीमाखांब आणि प्रत्येक खांबाचे अक्षांश-रेखांश. ही माहिती केएमएल नावाच्या फाइलमध्ये ठेवली की गूगल अर्थवर उघडता येते.

मग वाद कशाचा? गणित तर सोपं आहे. वाद आहे त्या गणितात भरलेल्या आकड्यांचा.

तुमचा निळा ठिपका किती खरा?

मी कॉटन ग्रीनला राहतो. इथे खाण नाही, पण लीज हा शब्द इथल्या लोकांना नवा नाही. पूर्व किनाऱ्यावरची कितीतरी जमीन बंदराच्या मालकीची आहे आणि तिच्यावरच्या वखारी भाडेपट्ट्यावर उभ्या आहेत.

एक प्रयोग तुम्हीही करू शकता. मी कॉटन ग्रीन स्टेशनच्या फलाटावर एका जागी उभा राहून पाच मिनिटं मॅप उघडा ठेवला. पाय हलवला नाही, पण निळा ठिपका मात्र कधी रुळांवर, कधी फलाटाच्या पलीकडे असा फिरत राहिला. फोन बिघडलेला नव्हता. मोकळ्या आकाशाखाली साध्या फोनच्या जीपीएसमध्ये पाचेक मीटरची चूक ही नेहमीची गोष्ट आहे. बाजूला उंच इमारत किंवा डोक्यावर पत्रा असेल तर सिग्नल आपटून येतो आणि चूक वाढते.

आकड्यांत सांगायचं तर अक्षांशाचा एक अंश म्हणजे सुमारे १११ किलोमीटर. दशांश चिन्हानंतरचा चौथा आकडा बदलला की जमिनीवर ११ मीटर सरकतं. पाचवा बदलला की साधारण एक मीटर. म्हणजे कागदावर चारच आकडे लिहिले असतील, तर सीमाखांब नेमका कुठे रोवायचा यात दहा-अकरा मीटरची मोकळीक तिथेच तयार झाली.

म्हणून खाणीच्या मोजणीला फोन चालत नाही. तिथे डीजीपीएस वापरतात. यात एक रिसीव्हर अशा जागी ठेवतात जिची जागा आधीपासून अचूक माहीत आहे. तो रिसीव्हर सतत बघतो की सॅटेलाइट मला आत्ता किती चुकीची जागा सांगतायत. तीच चूक दुसऱ्या, फिरत्या रिसीव्हरच्या आकड्यांतून वजा करतात. चांगल्या उपकरणांनी उत्तर सेंटीमीटरपर्यंत येतं. जोडीला टोटल स्टेशन असतं. तिवईवरचं हे यंत्र प्रकाशकिरण पाठवून अंतर आणि कोन मोजतं. रस्त्याच्या कामावर तुम्ही ते पाहिलं असेल.

आठ मीटरने काय होतं? खूप काही

"पाच-आठ मीटरचं काय एवढं?" असं वाटत असेल तर बेळ्ळारीचं प्रकरण बघा. देशातल्या खाणींच्या हद्दीबद्दल सर्वात स्पष्ट आकडे तिथेच सापडतात.

कर्नाटकातल्या लोहखनिजाच्या बेकायदा खाणींविरुद्ध समाज परिवर्तन समुदाय ही संस्था २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयात गेली. न्यायालयाने जुलै २०११ मध्ये बेळ्ळारीतलं खाणकाम थांबवलं आणि ऑगस्टमध्ये तुमकुर आणि चित्रदुर्ग जिल्ह्यांतलंही. एका संयुक्त पथकाने एक-एक खाणपट्टा मोजला. १८ एप्रिल २०१३ च्या निकालात १६६ खाणपट्ट्यांची तीन गटांत विभागणी मान्य झाली.

ए गट म्हणजे बेकायदेशीरपणा नाही किंवा अगदी किरकोळ. यात ४५ पट्टे होते. बी गट म्हणजे हद्दीबाहेरचं खोदकाम पट्ट्याच्या क्षेत्रफळाच्या १० टक्क्यांपर्यंत, किंवा बाहेर टाकलेल्या मातीचे ढिगारे १५ टक्क्यांपर्यंत. यात ७२. आणि सी गट म्हणजे त्याच्यापुढे गेलेले, किंवा वनसंवर्धन कायदा धाब्यावर बसवणारे, किंवा दुसऱ्याच्या पट्ट्यात जाऊन खोदणारे. यात ४९ आणि ते सगळे रद्द. बी गटाला पैसे भरून आणि जमीन सुधारण्याचा आराखडा देऊन वाट ठेवली. हद्दीबाहेरच्या खड्ड्यासाठी हेक्टरी ५ कोटी रुपये, ढिगाऱ्यासाठी हेक्टरी १ कोटी.

आता आपण जरा हिशोब करू. समजा १० हेक्टरचा चौकोनी खाणपट्टा आहे. त्याची एक बाजू साधारण ३१६ मीटर. कंपनी चारही बाजूंनी पाच मीटर बाहेर खोदत गेली, तर जास्तीचं क्षेत्र होतं सुमारे ०.६४ हेक्टर, म्हणजे ६.४ टक्के. भरपाई सव्वातीन कोटींच्या आसपास. तेच अंतर आठ मीटर झालं तर जास्तीचं क्षेत्र १०.४ टक्के. म्हणजे बी गटातून थेट सी गटात. पट्टा रद्द.

पाच मीटर आणि आठ मीटर यातलं अंतर किती? कॉटन ग्रीनच्या फलाटावर माझा ठिपका एका जागी उभं राहून जेवढा हलत होता, त्याच मापाचं.

आणखी एक गंमत बघा. हाच पट्टा १०० हेक्टरचा असता, तर त्याच आठ मीटरला फक्त ३.२ टक्के झाले असते. टक्केवारीचा नियम लहान पट्ट्याला कडक आणि मोठ्याला सैल पडतो. प्रत्यक्षात कुणी चारही बाजूंनी सारखं खोदत नाही हे खरं. पण मोजणीवर इतकं भांडण का होतं, हे या हिशोबावरून कळतं.

कंपन्यांनी तिथेही मोजणीवर आक्षेप घेतला होता. कायद्यात ठरवून दिलेल्या अधिकाऱ्यांनी, ठरलेल्या पद्धतीने निर्णय घ्यायला हवा, असं त्यांचं म्हणणं होतं. लूट इतकी मोठी आहे की नेहमीचा मार्ग पुरणार नाही, अशी भूमिका घेऊन न्यायालयाने आपले विशेष अधिकार वापरले.

खांबच उखडला तर?

त्याच पट्ट्यातली दुसरी गोष्ट ओबळापुरम मायनिंग कंपनीची. आंध्र आणि कर्नाटक यांच्या सीमेवर तिच्या खाणी. आंध्रातल्या पट्ट्याच्या नावावर कर्नाटकातलं खनिज काढलं आणि राज्यांच्या सीमेच्या खुणाच पुसल्या, असे आरोप झाले. सीबीआयने २००९ मध्ये गुन्हा नोंदवला. मे २०२५ मध्ये हैदराबादच्या सीबीआय न्यायालयाने गाली जनार्दन रेड्डी आणि इतर काही जणांना दोषी धरून सात वर्षांची शिक्षा दिली. पुढच्याच महिन्यात तेलंगण उच्च न्यायालयाने रेड्डींच्या शिक्षेला स्थगिती दिली, म्हणजे अपिलाचा निकाल अजून बाकी आहे.

इंजिनिअर म्हणून मला यात महत्त्वाचा वाटतो तो संदर्भबिंदू. जुन्या लीजचे नकाशे हाताने काढलेले असत. "अमुक टेकडीच्या टोकापासून इतक्या अंतरावर, तमुक दगडाच्या ईशान्येला" असं वर्णन. तो दगड हलला किंवा ती टेकडीच खोदून संपली, तर अचूक यंत्र आणूनही उपयोग नाही. सुरुवात कुठून करायची हेच ठरत नाही. डेटाबेसमधली सगळी रेकॉर्ड शाबूत आहेत, पण ज्या एका किल्लीवर ती जोडली होती ती डिलीट झालीय, असं समजा.

त्यात आणखी एक भानगड. आपले जुने सरकारी नकाशे एव्हरेस्ट नावाच्या पृथ्वीच्या मॉडेलवर काढलेले आहेत. जीपीएस चालतं डब्ल्यूजीएस ८४ या मॉडेलवर. दोन्हींत पृथ्वीचा आकार आणि केंद्र थोडं वेगळं धरलंय. त्यामुळे जुन्या नकाशातले आकडे रूपांतर न करता तसेच मॅपवर टाकले, तर अख्खा पट्टा शंभर मीटरच्या पुढेही सरकू शकतो. खांब न हलवता खाण "हद्दीबाहेर" जाते, किंवा बाहेरची खाण कागदोपत्री "आत" येते.

गोव्याने शिकवलेलं: हद्द फक्त जमिनीवर नसते

गोव्यातल्या खाणींना पोर्तुगीज काळात कायमचे हक्क दिले होते. १९८७ च्या कायद्याने ते रद्द होऊन त्यांचे खाणपट्टे झाले. पुढे शाह आयोगाने आपल्या अहवालात हद्दीबाहेरचं खोदकाम आणि ढिगारे यांची नोंद केली. तो अहवाल सप्टेंबर २०१२ मध्ये संसदेत मांडला गेला आणि त्याच महिन्यात गोव्यातलं खाणकाम थांबलं. गोवा फाउंडेशनच्या याचिकेवर २१ एप्रिल २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला.

त्या निकालातल्या तीन गोष्टी लक्षात ठेवण्यासारख्या.

पहिली, खनिजाची टाकाऊ मातीसुद्धा पट्ट्याच्या बाहेर टाकता येणार नाही. खड्डा आत आहे आणि ढिगारा शेजारच्या जमिनीवर, ही सबब संपली.

दुसरी, पट्ट्यांची मुदत २२ नोव्हेंबर २००७ लाच संपली होती, त्यामुळे त्यानंतरचं खाणकाम बेकायदेशीर. म्हणजे नकाशावर ठिपका अगदी मधोमध असला तरी तारीख उलटून गेली असेल तर तुम्ही "बाहेर".

तिसरी गोष्ट आपल्यासारख्या डेटावर विश्वास ठेवणाऱ्या लोकांसाठी. ज्यांची बाजू आयोगाने ऐकून घेतली नाही, त्यांच्यावर केवळ आयोगाच्या निष्कर्षांवरून खटला भरण्याचा आदेश न्यायालयाने दिला नाही. मोजणी कितीही बरोबर असली तरी समोरच्याला "हा आकडा कसा आला?" हे विचारायची संधी द्यावी लागते.

पुढे ऑगस्ट २०१७ मध्ये ओडिशाच्या कॉमन कॉज प्रकरणात हा मुद्दा आणखी स्पष्ट झाला. कंपन्या म्हणत होत्या की बेकायदा खाणकाम म्हणजे फक्त पट्ट्याबाहेरचं खाणकाम. न्यायालयाने ते मानलं नाही. पर्यावरण मंजुरीशिवाय किंवा मंजुरीपेक्षा जास्त काढलेलं खनिजही बेकायदाच आणि त्याची शंभर टक्के किंमत वसूल करा, असा निकाल दिला.

म्हणजे हद्दीला खरं तर चार बाजू आहेत. जागा, खोली, तारीख आणि टनेज. नुसत्या जागेच्या पॉलिगॉनने पहिलीच तपासता येते.

मग खोली आणि टनेज कोण मोजणार?

इथे ड्रोन कामाला येतो. ड्रोन खाणीवरून ओळीने उडतो आणि एकमेकांवर चढणारे शेकडो फोटो काढतो. एकच दगड वेगवेगळ्या कोनांतून दिसला की सॉफ्टवेअर त्याची उंची काढतं. आपले दोन डोळे मिळून अंतर ओळखतात, तीच कल्पना. यातून जमिनीचं थ्रीडी मॉडेल तयार होतं. गेल्या वर्षीच्या मॉडेलमधून यंदाचं वजा केलं की किती घनमीटर निघालं ते कळतं. समजा एक हेक्टरवर एक मीटर खोली वाढली, तर १०,००० घनमीटर. खनिजाची घनता तीन धरली तर ३०,००० टन. रॉयल्टी किती टनांची भरली, ते शेजारी ठेवून बघायचं.

नोव्हेंबर २०२१ मध्ये बदललेल्या नियमांनुसार, वर्षाला दहा लाख टन किंवा जास्त उत्खननाची योजना असलेल्या किंवा ५० हेक्टर आणि त्याहून मोठ्या पट्ट्यांना दरवर्षी ड्रोन सर्व्हे द्यावा लागतो. पट्ट्याबाहेरच्या १०० मीटरपर्यंतचा भागही त्यात आला पाहिजे. बाकीच्यांनी चांगल्या दर्जाचे सॅटेलाइट फोटो द्यायचे. हे पाहणाऱ्या भारतीय खाण ब्युरोचं मुख्यालय आपल्या नागपुरात आहे.

त्याआधी ऑक्टोबर २०१६ मध्ये केंद्राने मायनिंग सर्व्हेलन्स सिस्टिम सुरू केली. पट्ट्याच्या हद्दीपासून ५०० मीटरच्या पट्टीत सॅटेलाइटला काही बदल दिसला की एक ट्रिगर तयार होतो आणि तो राज्याच्या अधिकाऱ्यांकडे तपासणीला जातो. लक्षात घ्या, सॉफ्टवेअर गुन्हा सिद्ध करत नाही, फक्त बोट दाखवतं. तिथे विहीर खोदली असेल, घराचा पाया असेल, नाहीतर चोरी असेल. जागेवर जाऊन बघणारा माणूस लागतोच. आणि तो गेला नाही, तर ट्रिगर हे आपल्या फोनवरच्या न वाचलेल्या नोटिफिकेशनसारखं पडून राहतं.

आपण गूगल अर्थवरून पकडू शकतो का?

अर्धं हो, अर्धं नाही. गूगल अर्थमध्ये जुन्या तारखांचे फोटो बघता येतात. युरोपच्या सेंटिनेल-२ सॅटेलाइटचे फोटो फुकट आहेत आणि साधारण पाच दिवसांनी नवे येतात. डोंगर कधी उघडा पडला, ढिगारा कधी ओढ्याकडे सरकला, हे त्यात छान दिसतं.

पण सेंटिनेलचा एक पिक्सेल म्हणजे जमिनीवरचा १० मीटरचा चौकोन. आपला आठ मीटरचा वाद एका पिक्सेलच्या आतच मावतो! गूगल अर्थचे फोटोही काही मीटर सरकलेले असू शकतात. म्हणजे "इथे काहीतरी चाललंय" हे सांगायला ही साधनं उत्तम, "हद्द साडेसहा मीटरने ओलांडली" हे सांगायला नाही.

आणि स्क्रीनशॉट काढून व्हॉट्सअ‍ॅपवर टाकला म्हणजे पुरावा झाला असं नाही. डिजिटल पुराव्यासोबत प्रमाणपत्र लागतं. सर्वोच्च न्यायालयाने हे जुलै २०२० मध्ये पक्कं केलं, तेही जालन्याच्या निवडणुकीच्या खटल्यात, अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात तर प्रमाणपत्रात फाइलचा हॅश लिहावा लागतो. हॅश म्हणजे फाइलचा अंगठा. एक पिक्सेल बदलला तरी अंगठा बदलतो. म्हणून मूळ फाइल जपा, कुठल्या तारखेचा फोटो कुठून घेतला ते लिहून ठेवा, आणि फॉरवर्ड केलेली कॉपी मूळ समजू नका. व्हॉट्सअ‍ॅप फोटो दाबून लहान करतं, तिथेच हॅश बदलतो.

मुळगावचा प्रश्न उलटा आहे

आता परत डिचोलीकडे. फेब्रुवारी २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गोव्यातल्या ८८ पट्ट्यांचं नूतनीकरण रद्द केलं. त्यानंतर सरकारने नवे ब्लॉक आखून लिलाव केले. डिचोलीचा पहिला ब्लॉक सुमारे ४७८ हेक्टरचा. त्यातल्या मुळगावच्या लोकांची मागणी अशी की आमची घरं, देवळं, तळं आणि शेती या पॉलिगॉनमधून वगळा आणि हद्द जागेवर आखून दाखवा.

इथे कंपनी हद्दीबाहेर गेल्याची तक्रार नाही. हद्दच गावावरून गेल्याची आहे. आपला आत-बाहेरचा कोड इथेही बरोबर उत्तर देईल: घर आत आहे. पण तो आकार कुणी काढला, काढताना गावाला विचारलं का, हे कोड कधीच सांगणार नाही. घरात बसलेल्या माणसाला डीजीपीएसच्या सेंटीमीटरने दिलासा मिळत नाही.

लालबाग-परळपासून कॉटन ग्रीनपर्यंत आपल्यापैकी कितीजणांची गावं सिंधुदुर्गात आहेत. रेडीच्या खाणी जुन्या. दोडामार्गातल्या कळण्यात जुलै २०२१ मध्ये खाणीत साठलेलं पाणी फुटून शेतात आणि गावात शिरलं. पाण्याने काही सीमाखांब बघितला नाही. त्यामुळे गणपतीला गावी जाल तेव्हा हा विषय तुमच्यापासून फार लांब नाही.

माझं मत विचाराल तर तंत्रज्ञान आता पुरेसं आहे. डीजीपीएस आहे, ड्रोन आहे, सॅटेलाइट आहे. कमी पडतं ते उघडं रेकॉर्ड. प्रत्येक खाणपट्ट्याची केएमएल फाइल, कुठल्या मॉडेलवर मोजली, कधी मोजली, कितव्या दशांशापर्यंत, मुदत कधी संपते आणि दरवर्षीचा ड्रोन सर्व्हे, हे सगळं ग्रामपंचायतीत बसून फोनवर उघडता आलं पाहिजे. सातबारा आपण मोबाइलवर बघतोच की. खाणीचा बांध कोरला जातोय का, हे बघण्याचा पहिला हक्क बांधाच्या अलीकडे राहणाऱ्याचा आहे.

तोवर एक करता येईल. माहितीच्या अधिकारात तुमच्या गावाजवळच्या पट्ट्याच्या सीमाखांबांचे अक्षांश-रेखांश मागा. अर्जात "कोणत्या डेटमवर मोजले" हे विचारायला विसरू नका. त्या एका ओळीच्या उत्तरावर शंभर मीटर अवलंबून आहेत.